वेचणीच्या दिवसांतली गोळी

रिठद,
२० ऑक्टोबर १९७४

प्रिय लिलाताई,

जयभीम. मी रिठदला रुजू झाले. उपकेंद्र म्हणजे दोन खोल्या, एका खोलीत औषधं आणि दुसरीत मी. गावात मला नाव नाही, लहानथोर सगळे ‘नर्सबाई’ म्हणतात. पाणी भरायला गेले तर बाया हातातली बादली काढून घेऊन स्वतःच भरून देतात, आणि नंतर कळतं की त्यांना माझ्याकडची खोकल्याची बाटली हवी होती. हसतेस ना?

आमचे डॉक्टर उदयसिंग ठाकूर. आठवड्यातून एकदा जीपने येतात. कडक आहेत, पण ओरडल्यावर स्वतःच चहा मागवतात.

यशी कशी आहे? सहा महिन्यांची झाली असेल आता. पालथी पडते का? तुमच्याकडे वेचणी सुरू झाली की तू शेतात जाशील, मग तिला कोण सांभाळणार? भागिरथामावशींचा खोकला आणि कंबर कशी आहे? भाऊजींना जयभीम सांग. बाबांना मेडशीला वेगळं पत्र टाकते.

तुझी,
विजू


कामरगाव,
८ नोव्हेंबर ७४

विजू,

जयभीम. तुही भाषा त एकदम पुस्तकातली झाली वं. मले वाचतावाचता वाटलं, मास्तरीनबाईचंच पत्र आलं. मले तसं लिहिता येत नाई, मी बोलतो तसंच लिहितो.

वेचनी सुरू झाली. यंदा कापूस चांगला फुटला. रामराव पाटलाच्या शेतात आमची टोळी जाते. दिवस निंघाला का निंघतो आन दिवस बुडाला का येतो. ओटी बांधून बांधून कंबर मोडते, पन वेचनीचेच दिवस हायेत कमाईचे.

यशीची काळजी करू नको. तिले संगंच नेतो. धुऱ्यावरच्या झाडाले झोळी बांधून देतो, झोपून राह्यते दिवसभर. गळा काढत नाई का काई नाई. टोळीतल्या बाया म्हनतात, लय गुनाची पोरगी हाये. सासूबाई बी म्हनतात, पुन्यवान लेकरू हाये.

सासूबाईची कंबर तशीच. त्यायचं त्यायच्याजवळ औषध असते, ते घेतलं का बरं वाटते त्यायले.

इकडे ये एकदा. चुलीवरचे भुईमुंग खाऊन जाय.

तुही ताई,
लिला


रिठद,
२४ नोव्हेंबर १९७४

प्रिय ताई,

तुझं पत्र मिळालं. इथे जे घडलं ते आधी तुलाच सांगते.

दहा-बारा दिवसांपूर्वी गोमतीबाई नावाची बाई नातवाला पदरात गुंडाळून धावत आली. आठ महिन्यांचा मुलगा. ओठ निळे, श्वास इतका हळू की मी दोनदा छातीला कान लावला. नशीब, त्या दिवशी डॉक्टर गावातच होते. त्यांनी मुलाची पापणी उचलली. डोळ्यातली बाहुली मोहरीएवढी. “अफू,” ते म्हणाले, आणि मुलाला नि मला जीपमध्ये घालून मोठ्या दवाखान्यात घेऊन गेले. मी वाटभर त्याला जागं ठेवत होते. वाचला.

मग डॉक्टर म्हणाले, “हा एक आपल्यापर्यंत पोचला. न पोचलेले किती?” मलेरियावाला दर पंधरवड्याला घरोघर येऊन ताप विचारतो आणि भिंतीवर तारीख टाकून जातो, ते तुमच्याकडेही असेल. डॉक्टरांचं म्हणणं, तसंच हेही विचारत राहायचं. गावात लेकरांना अफू किती घरांत देतात, म्हातारे किती खातात, कोणत्या महिन्यात वाढते. कळल्याशिवाय उपाय करणार कशावर?

मी घरोघर गेले. “लेकराला अफीम देता का?” असं विचारलं. ताई, एकाही घरात कोणी हो म्हणालं नाही! आणि दर दोन घरांआड एक लेकरू भर दुपारी झोपलेलं.

त्यातच डॉक्टरांनी वर कळवलं आणि गावात पोलीस आले. बाजारच्या दिवशी गोळ्या विकणारा फुलचंद पळून गेला. पोलिसांनी दोन म्हाताऱ्यांच्या घरातली गाडगी-मडकी उलथी केली. आता मी गल्लीत शिरले की दारं लागतात.

मला या बायांचा फार राग येतो. पोटच्या गोळ्याला विष कसं देववतं? बरं आहे, आपल्या घरात असं काही नाही. यशी शांत आहे हे वाचून खूप बरं वाटलं.

तुझी,
विजू


कामरगाव,
१० डिसेंबर ७४

विजू,

जयभीम. काम लय हाये म्हनून थोडंच लिहितो.

आमच्या शेजारी एक बाई हाये. तिनं इचारायले सांगतलं म्हनून इचारतो. अशी गोळी देल्ली त पोलीस बाईले धरून नेतात काय? का नुसता इकनाऱ्याले? आन त्या लेकराले पुढं काई होते काय? शेजारनीचं लेकरू आठ महिन्याचं झालं तरी बसत नाई, दूध बी कमी पेते, शी चार-चार दिवस होत नाई. हे त्याच्यानंच असन काय? तिनं आता घाबरून एकदम बंद करायचं ठरवलं हाये.

लवकर लिही. तिले काळजी लागली हाये.

लिला


रिठद,
१६ डिसेंबर १९७४

ताई,

तुझ्या शेजारी कोणतीच लेकुरवाळी नाही. एका बाजूला म्हसोबाचा ओटा आहे आणि दुसऱ्या बाजूला जानरावांचा गोठा. आठ महिन्यांचं लेकरू तुझ्याच घरात आहे.

मी नर्स आहे, आणि माझ्या सख्ख्या बहिणीने माझ्या भाचीला अफू चाटवली. मी इथे दारोदार कोणत्या तोंडाने सांगू? तुला काहीच कसं वाटलं नाही? तिचा श्वास थांबला असता म्हणजे?

आधी हे कर. एकदम बंद करू नकोस. सवय लागलेल्या लेकराला एकदम तोडलं तर ते आजारी पडतं. पत्र मिळताच कारंज्याच्या दवाखान्यात ने आणि तिथल्या डॉक्टरांना खरं सांग. खरं सांग, ताई. तिथे तरी शेजारीण म्हणू नकोस.

विजयमाला


कामरगाव,
२६ डिसेंबर ७४

विजयमाला,

जयभीम. मी जगदेव लिहून राह्यलो.

पोरगी वाचली. हे पहिले सांगतो, मग बाकीचं.

लिलीनं तुले कार्ड टाकलं त्याच दिवसापासून गोळी बंद केली. पोलिसाचं नाव वाचलं व्हतं तुह्या पत्रात, त्याच्यानं ती हादरली. दोन दिवस पोरगी झोपली नाई. हातपाय थरथरत, हगवन लागली, दूध तोंडात घे अन टाकून दे. लिलीले वाटे आपोआप बरं व्हईन. तिसऱ्या दिवशी मी दोघींले उचललं अन कारंज्याच्या गाडीत बसवलं. डॉक्टरनं इचारलं, “काय देल्लं लेकराले?” लिली बोलेना. मंग एकदम बोलली, सगळं बोलली. डॉक्टर रागावले नाई. म्हने, “हे सांगतलं म्हनून मले काम करता येईन.” तिले पानी चढवलं अन औषध हळूहळू कमी करत नेलं. आता दूध पेते.

तुहं पत्र पोस्टमननं घरी देल्लं, आईनं कोनाच्या हाती दवाखान्यात पाठवलं. मी झाडाखाली बसून वाचलं आन खिशात ठेवलं. लिलीनं मागतलंच. वाचलं, घडी केली. मले म्हने, “विजूले लिहा, पोरगी वाचली. बाकी काई लिहू नका.” पन मी लिहून राह्यलो, कारन मले तुह्यापासून काई लपवायचं नाई.

सध्या येऊ नको. तिचं मन बसू दे.

जगदेव


रिठद,
६ जानेवारी १९७५

प्रिय ताई,

भाऊजींनी येऊ नको लिहिलं होतं, तरी मला राहवलं नाही, मी आलेच. तू यशीला माझ्या मांडीवर दिलंस. चहा केलास, बशी माझ्यासमोर ठेवलीस आणि आत गेलीस ती गाडीची वेळ होईपर्यंत बाहेर आली नाहीस. मावशीच बोलत बसल्या. मी तुझ्या जागी असते तर चहाही दिला नसता.

ताई, माझं चुकलं. पत्रात चुकलं, आणि त्याआधी गावातही चुकलं.

पंधरा दिवसांपूर्वी गोमतीबाई नातवाचं वजन करायला आली. तेवढं एक दार मला उघडं राहिलं होतं. मी तिला विचारलं, “बाया माझ्याशी खोटं काहून बोलतात?” ती म्हणाली, “तू इचारतं तवा तुह्या मागं पोलीस उभा दिसते वं बाई. तू लेकराचं इचारत नाईस, गुन्ह्याचं इचारतं.” शेजारी गावची जुनी सुईण प्रयागबाई बसली होती. ती म्हणाली, “अन हेबी कधी इचारलं काय, का ती बाई गोळी काहून देते?”

नव्हतं विचारलं. तुलाही नाही.

मी डॉक्टरांना हे जसंच्या तसं सांगितलं. त्यांनी वही मिटली. मग म्हणाले, “पोलिसांना कळवायची घाई मी केली. ज्याला मोजायचं आहे त्यालाच आपण पळवून लावलं.” आता ठरलं आहे की आमच्याकडे सांगितलेलं आमच्याकडेच राहील. डॉक्टर स्वतः चावडीवर येऊन तसं बोलले. आणि मी आता वेगळं विचारते. “दिवसा कुठे असता? लेकरू कोणाजवळ असतं? रडलं तर काय करता?” एवढ्यावर बाया आपणहून बोलतात. या दहा-बारा दिवसांत जेवढं कळलं तेवढं आधीच्या महिनाभरात कळलं नव्हतं. उन्हाळ्यात जवळजवळ कोणीच देत नाही. निंदणीला थोडं सुरू होतं. वेचणीला तर घरोघर. ताई, हा रोग वेचणीबरोबर येतो आणि वेचणीबरोबर जातो.

म्हणजे त्याचं मूळ शेतात आहे, आणि शेतात मी कधी गेले नाही. तू जातेस. मला सांगशील का तिथे काय होतं? नर्स म्हणून विचारत नाही. मला खरंच माहीत नाही.

तुझीच,
विजू


कामरगाव,
२८ जानेवारी ७५

विजू,

तीन खेपा लिहाले बसली आन तीन खेपा कागद फाडला. आता जे येईन ते लिहितो. राग येईन तुले, येऊ दे.

तू इचारलं शेतात काय होते. आईक. पहिल्या दिवशी यशीले झोळीत ठेवलं आन तासाले, म्हंजे कापसाच्या ओळीले लागली. दोन तासं संपत नाई तं ती उठली. मी धावत गेली, पाजलं, आली. तवरोक बाया पुढं निंघून गेल्या. पुन्हा रडली. पुन्हा गेली. मुकादम म्हने, “वेचाले आली का पाजाले?” सांजच्याले तोल झाला, सगळ्यायचे गाठोडे भरलेले आन माह्या ओटीत कापूस काई नाई. मुकादम म्हने, उद्यापासून रडनारं लेकरू आनशीन त येऊ नको. घरी कोनाजवळ ठेवू? सासूबाई सोता कामाले जातात. त्यायनंच रातच्याले म्हटलं, “जगदेवले बी देल्ली मी. काई होत नाई.” त्यायच्याजवळ असतेच ती. सासरे वारले तवापासून कंबरीसाठी खातात, तवा सरकारी दुकानातच भेटे म्हनतात. मोहरीएवढी बोटावर घेतली आन यशीच्या तोंडात घातली. दुसऱ्या दिवशी ती झोपली ती झोपलीच. मी वेचत जाय आन दर तासाले मान वळवून झोळीकडं पाहे, हलते का नाई. तू म्हनतं मले काईच वाटलं नाई. विजू, मी दिवसभर कापूस नाई पायला, झोळी पायली.

आन एक सांगतो. आई गेली तवा मी सातवीत होती. तू लहान होती. बाबा म्हनले, एकीले शाळा होईन. मी वेचनीले गेली आन तू शाळेत गेली. मले त्याचं दुख नाई. तू नर्स झाली त मी अख्ख्या गल्लीत गूळ वाटला. पन तू लिहिलं, “कोणत्या तोंडाने सांगू”. मले वाटलं, ज्या हातानं हिले शिकवलं त्या हाताची हिले लाज वाटते.

झालं. बोलली. आता मन हलकं वाटते.

दवाखान्यातून आल्यावर मी आठ दिवस शेतात गेली नाई. नवव्या दिवशी गेली. दुपारी भाकरी सोडल्यावर बायायनं इचारलं, पोरीले काय झालं व्हतं? मी म्हनू शकत व्हती, हगवन. पन मले त्या डॉक्टरची आठवन झाली. मी म्हनली, “मी अफीम देत व्हती. त्याच्यानं.” मंग एक म्हने, “मी बी देतो.” मंग दुसरी. विजू, आमच्या टोळीत अर्ध्याच्या वर बाया देतात! आन एकीलेबी दुसरीचं माहीत नव्हतं. सगळ्या म्हनत, माहं लेकरू गुनाचं.

मंग आमी ठरवलं. शेवंताबाई हाये, तिचा पाय मोडेल हाये, तिले वेचनं होत नाई. ती शेतात येईन आन लेकरं पाहीन. आमी तिले दर घरामागं थोडी ज्वारी देऊ. पाजायची वेळ झाली का ती हाक मारीन, म्हंजे दर घडीले पळा लागनार नाई. रामराव पाटील म्हने, “शेत हाये का बालवाडी?” मी म्हनली, “पाटील, शेवंताबाई नाई त टोळी नाई.” कापूस बोंडातून लोंबून राह्यला, दुसरी टोळी भेटत नाई. पाटलानं कडब्याची खोपडी खाली करून देल्ली.

ज्या बाया लेकराले देत व्हत्या त्यायले मी सांगतलं, एकदम बंद करू नका, माह्यासारखं करू नका. कारंज्याले चला. चौघी माह्या संगं आल्या.

रागावली असशील त ये आन भांड. ह्या खेपी मी बाहेर बसीन.

तुही ताई


रिठद,
१५ फेब्रुवारी १९७५

प्रिय ताई,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. तिसऱ्यांदा वाचताना प्रयागबाई आली आणि मला रडताना पाहून म्हणाली, “कोन गेलं?” मी म्हटलं, कोणी गेलं नाही, माझी बहीण परत आली.

तू मला शिकवलंस हे मला माहीत होतं. पण ते मी कधी बोलले नाही, आणि न बोललेलं माणसाला माहीत नसतं. मला तुझ्या हाताची लाज वाटली नव्हती. भीती वाटली होती, आणि भीतीने मी तिखट झाले.

तुला न विचारता एक गोष्ट केली. शेवंताबाईची आणि खोपडीची हकीगत डॉक्टरांना सांगितली. ते खुर्चीतून उठले. म्हणाले, “आपण रोगी मोजत बसलो, हिने रोगाची जागाच धरली.” पण लगेच पुढे म्हणाले, “तरीही विचारणं सोडायचं नाही. दर महिन्याला विचारू. वेचणी संपल्यावर, निंदणीला, पुढच्या वेचणीला. खोपडी केली म्हणून कमी होतं की नुसतं आपल्याला वाटतं, ते त्याशिवाय कळणार नाही.” मला ते पटलं.

इथे खोपडी करायला बाया तयार आहेत, पण पहिलं कोण बोलणार, यावर अडलं आहे. सगळ्या एकमेकींकडे बघतात. ताई, तू येशील? शेतात बोललीस तसंच इथे बोल. मी तुझ्या मागे बसेन, एक शब्द बोलणार नाही.

आणि मावशींचं काय? लेकरांचं बोलताना त्या राहून गेल्या. वीस वर्षांची सवय आहे. त्यांनाही एकदम तोडायचं नाही. कारंज्याच्या डॉक्टरांकडे त्या येतील का?

तुझी,
विजू


कामरगाव,
३ डिसेंबर ७५

विजू,

जयभीम. रिठदवरून आली तवापासून तुले मोठं पत्र लिहायचं व्हतं, पन पेरनी, निंदनी, आता वेचनी. तुह्या कार्डात वाचलं, तिकडं दोन खोपड्या झाल्या आन यंदाच्या वेचनीत लेकराले देनारी घरं थोडीच राह्यली. तरी राह्यलीच ना. त्यायच्याकडं जात राय. मी तिकडं बोलली तवा मांगच्या रांगेत हिरव्या लुगड्याची एक बाई तोंडाले पदर लावून बसली व्हती, काईच बोलली नाई. तिच्याकडं जाय.

यशी धावते. तिच्या मांगं धावूधावू शेवंताबाई म्हनते, माह्या पायाले ह्या पोट्टीनंच बरं केलं. बोलायले थोडा उशीर झाला, पन आता बोलते. डॉक्टरनं तपासलं, म्हनले वाढ बरोबर हाये.

आता सासूबाईचं सांगतो. हे तुले सांगू का नको असं झालं व्हतं. तू गेल्या उन्हाळ्यात त्यायले कारंज्याले नेलं, त्यायनं आयकलं. डॉक्टर दर महिन्याले थोडं कमी करत गेले. पावसाळा चांगला गेला. आमाले वाटलं सुटली. दिवाळीच्या मांगं थंडी पडली, कंबर धरली, आन त्यायनं कुठून तरी पुन्हा आनली. महिनाभर मले काई पत्ता नाई. मी इचारलं का म्हनत, “कायची अफीम? सुटली ना माही.” परवा अंगनात ज्वारी निवडत बसलो व्हतो. त्यायनं सूप बाजूले ठेवलं आन म्हनल्या, “लिला, मी खोटं बोलून राह्यली तुह्याजवळ.”

तुहे भाऊजी तिथं असते त ओरडले असते. मले ओरडावं वाटलं नाई. मी इचारलं, “लय दुखते काय?” त्या रडल्या वं. एवढ्या वर्सात पहिल्यांदा मी त्यायले रडताना पायलं. काल कारंज्याले जाऊन आलो. डॉक्टर म्हनले, घसरनं बी यातच येते, पुन्हा चढा लागते. कंबरीसाठी शेकाले सांगतलं आन दुसऱ्या गोळ्या देल्ल्या, सवय लागत नाई अशा.

हे पत्र लिहितांना त्या बाजूले बसल्या हायेत. म्हनतात, माह्या नावानं विजूले दोन ओळी लिही. त्या सांगतात तसंच लिहितो:

“पोरी, तू महिन्याच्या महिन्याले लोकायले इचारत फिरतं, तसं मलेबी इचारत जाय. पत्रातून इचार, आली का तोंडावर इचार. कधी हो म्हनीन, कधी नाई म्हनीन. खोटं बोलली तरी इचारनं सोडू नको. कोनी इचारनारं हाये, एवढं मले माहीत पायजे.”

लिला